डोकं कुणाचं, अंगठा कुणाचा

वाचनालयाच्या पुस्तकांत पेन्सिलीने शेरे मारणाऱ्यांबद्दल माझं मत फारसं बरं नाही. त्यांचे शेरे मात्र मी मन लावून वाचते. परवा दुपारी इंग्रजी विभागात एक जुनं पेपरबॅक हाती लागलं. ब्रिटिश हेरकथाकार जॉन ल कारेची ती बर्लिनच्या भिंतीची 1963 सालची कादंबरी, ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’. शेवटी हेर भिंतीवर चढलेला असतो. पलीकडे सुटका आहे. खाली, अलीकडे, त्याच्याबरोबर निघालेली मुलगी गोळी लागून पडली आहे. आणि हा शहाणा पलीकडे उडी टाकायची सोडून पुन्हा अलीकडे उतरतो, मरायला. त्या पानाच्या तळाशी कुणीतरी लिहिलं होतं, ‘मूर्ख! उतरायला नको होतं.’ त्याखाली निळ्या शाईत, दुसऱ्या हाताने, ‘मग काय करायला हवं होतं?’ आणि त्याच्याही खाली ठसठशीत अक्षरात, बहुधा एखाद्या निवृत्त मास्तरांनी, ‘सार्वजनिक पुस्तके खराब करू नयेत.’

मी तिथेच उभी राहून हसले. ग्रंथपालबाईंनी चष्म्यावरून पाहिलं.

आमच्या गावच्या वाचनालयात असे शेरे म्हणजे गुन्हाच असायचा. बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा घ्याव्यात, पहिली चार पानं होतात न होतात तोच एखाद्या पात्राच्या नावाखाली रेघ आणि समासात ‘हाच तो’. त्या रेघवाल्याला शोधून काढायला झुंजार किंवा काळापहाड यांच्यापैकी कुणीतरी यायला हवं होतं. अर्नाळकरांकडे काळं कोण आणि गोरं कोण हे ठरलेलं असे, फक्त नाव कळायचं बाकी असे. नाव फुटलं की पुस्तक संपलं. ल कारेचा शेवट मी वर सरळ सांगून टाकला, तरी काही बिघडलं का? त्यातल्या हेराला वाटत असतं की आपण पूर्व जर्मनीच्या हेरखात्यातल्या एका निर्दय अधिकाऱ्याचा काटा काढायला आलो आहोत. मग कळतं, तो अधिकारी आपलाच माणूस, आणि हा सगळा देखावा त्याला वाचवायलाच रचलेला होता. मरतो तो शत्रूकडचा खरा हुशार, त्यातल्या त्यात सरळ माणूस. आता ठरवा, कुणाच्या बाजूने व्हायचं ते.

ल कारे स्वतः त्याच धंद्यातला. 1961 साली भिंत उभी राहिली तेव्हा तो बॉनच्या ब्रिटिश वकिलातीत होता. आयुष्यभर कोण कुणाचा माणूस हेच लिहीत राहिला, आणि मरण्याच्या थोडं आधी, ब्रेक्झिटला वैतागून, त्याने आयर्लंडचं नागरिकत्व घेतलं. 2020 मध्ये तो गेल्यावर त्याच्या मुलाने हे जगाला सांगितलं. हेरकथा लिहिणाऱ्याला शोभेल असंच.

पण मला या पेचाच्या पुस्तकांची चटक लागली ती लंडनहून नव्हे. ती लागली चांदोबातून.

चांदोबा घरी आला की आधी ताईकडे जायचा, कारण ती मोठी. माझ्याकडे येईपर्यंत मुखपृष्ठाचा कोपरा दुमडलेला असे. उघडायचा तो थेट वेताळावर. चित्रकार शंकरांचं ते चित्र आठवतं ना? राजाच्या हातात तलवार, खांद्यावर प्रेत, आजूबाजूला कवट्या आणि नाग, आणि राजाच्या चेहऱ्यावर मात्र ऑफिसला निघालेल्या माणसाइतपतच काळजी. मग तीच धमकी. उत्तर माहीत असून दिलं नाहीस तर डोक्याची शकलं होतील. दिलंस तर मी चाललो झाडावर. सरकारी कचेरीतसुद्धा इतका चोख पेच घालत नाहीत.

आमच्या घरी नियम होता. वेताळाचा प्रश्न आला की त्याखालचा मजकूर तळहाताने झाकायचा. सगळ्यांनी आपापलं उत्तर सांगायचं, मगच हात काढायचा. ती सवय अजून गेली नाही. अजून कुठल्याही पुस्तकात शेवटचा परिच्छेद दिसू लागला की माझा हात आपोआप पानावर जातो. लोकलमध्ये शेजारच्या बाईला वाटतं, मी काहीतरी भलतंसलतं वाचते आहे.

एकदा ती शिरांच्या अदलाबदलीची गोष्ट आली. सोमदेवाच्या कथासरित्सागरात त्यात नवरा आणि बायकोचा भाऊ आहेत. पुढच्या कितीतरी आवृत्त्यांमध्ये भावाचा मित्र झाला आहे, आणि गोष्टीला रंग चढतो तो तेव्हाच. दोघांनी देवीपुढे शिरं उतरवून ठेवलेली. बायको देवीला साकडं घालते, देवी म्हणते, लाव शिरं धडांना. घाईत, अंधारात, ही लावते उलटी. आता हिचा नवरा कोणता?

ताई म्हणाली, डोकं नवऱ्याचं तोच नवरा. मी म्हटलं, छे, धड. का ते मला सांगता येईना, पण ताई डोकं म्हणाली म्हटल्यावर मला धड म्हणणं भागच होतं. आईने पोळी उलटवता उलटवता वेगळाच मुद्दा काढला. जेवायला काय करायचं ते कुणाला विचारायचं, जिभेला की पोटाला? एकाला आवडेल ते दुसऱ्याला सोसेलच असं नाही. बाबा दुय्यम निबंधकाच्या कचेरीत कारकून होते. दिवसभर लोकांचे अंगठे शाईत बुडवून खरेदीखतांवर उठवून घ्यायचे. त्यांनी पेपर खाली न करताच निकाल दिला.

“फोटो डोक्याचा, अंगठा धडाचा. दोघांनाही घेऊन या म्हणावं, आणि दोन साक्षीदार.”

हात काढला. राजा ताईच्या बाजूने. शिर हे सर्व अंगांत श्रेष्ठ, वगैरे. ताईने महिनाभर मला ते ऐकवलं.

याच गोष्टीवर थॉमस मानने जर्मनमध्ये आख्खी लघुकादंबरी लिहिली आणि गिरीश कार्नाडांनी ‘हयवदन’. विजया मेहतांनी ते मराठी रंगभूमीवर आणलं. कार्नाडांच्या नाटकात धडं हळूहळू डोक्यांना शरण जातात. पैलवानी अंग सुटतं, कवीचं अंग पुन्हा कवीसारखं होतं, आणि बाई बिचारी होती तिथेच. बाबांनी हे नाटक पाहिलं असतं तर मध्यंतरात म्हणाले असते, अहो, पण अंगठ्याचे ठसे बदलत नाहीत. पुढे आधार कार्ड आलं तेव्हा सरकारने दहा बोटं धडाची घेतली आणि बुबुळं डोक्याची. म्हणजे वेताळाचा प्रश्न सरकारलाही सुटलेला नाही, दोन्ही बाजूंनी कागद करून ठेवलेत इतकंच.

दुसरी गोष्ट वीरवराची. राजा शूद्रकाचा हा पहारेकरी. राजाचं मरण टळावं म्हणून पोराचा बळी देतो, पोरगा आनंदाने तयार. मागोमाग मुलगी जाते, बायको जाते, शेवटी तो स्वतः. आणि राजा हे सगळं अंधारात लपून बघत असतो. इतकं होईपर्यंत आपण मध्ये का पडलो नाही, हे तो शेवटपर्यंत सांगत नाही. मग त्यालाही वाटतं आपण मरावं. तलवार मानेला लावतो, तेवढ्यात देवी प्रसन्न, सगळे जिवंत. यात सगळ्यांत थोर कोण? विक्रम म्हणतो, राजा. नोकराने धन्यासाठी मरणं हा त्याचा धर्मच, पण धनी नोकरासाठी मरायला निघाला.

हात काढल्यावर ताई फिसकन हसली. “राजाला विचारलं तर तो राजाच म्हणणार ना!”

राजकारणावरची जाडजूड पुस्तकं मी नंतर पुष्कळ वाचली. त्यांतली बरीचशी मला या एका वाक्यापुढे लांबट वाटली.

राजाला निरुत्तर करणारा शेवटचा प्रश्न आम्हाला चांदोबात कधी भेटलाच नाही. मासिक चालवायचं तर राजाने गप्प बसून कसं भागेल? नव्या नव्या गोष्टी रचून वर्षानुवर्षं त्याला त्या झाडाकडे परत पाठवत राहिले. कथासरित्सागराचं मराठी भाषांतर मोठेपणी वाचलं तेव्हा कळलं, ही तर मुळात हेरकथाच आहे. एक गोसावी रोज राजाला एक फळ आणून देतो. राजा न बघता ते कोठारात टाकायला सांगतो. एके दिवशी एक माकड ते फळ फोडतं आणि आतून रत्न पडतं. इतकी वर्षं रत्नं येत होती आणि कुणाला पत्ता नाही! एवढ्या ढिसाळ हेरखात्याच्या राजाने स्मशानात एकट्याने जाऊ नये, पण जातो. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर त्याला येत नाही, म्हणून तो गप्प राहतो, आणि तेवढ्यावर खूश होऊन वेताळ गोसाव्याचा सगळा कट फोडतो. मला जरा फसवल्यासारखं वाटलं. तेवीस वेळा डोकं चालवलं त्याचं काहीच नाही, आणि गप्प बसल्याचं बक्षीस?

माझं आजोळ कोलाडजवळ. मे महिन्यात कोकणात विहिरी तळाला जातात, बायका हंडे घेऊन रांगेत उभ्या राहतात. आणि आमच्या मामाच्या गावाला कुंडलिका वाहती. रोज दुपारी आम्ही पोरं नदीत. मामा उन्हाळी भात काढायचा, कालव्याच्या पाण्यावर. पाणी कुठून येतं विचारलं की म्हणायचा, “वरून. भिऱ्याचं.” मला भिरा म्हणजे एखादा दानशूर माणूस वाटायचा. तिथे वीजघर आहे आणि तिथून सुटलेलं पाणी आपल्याकडे येतं, हे नंतर समजलं.

ते पाणी मुळशीचं. राजेंद्र व्होरांचं मुळशी सत्याग्रहावरचं पुस्तक हाती आलं तेव्हा मी मुंबईत नोकरी करत होते. मुळा नदी खरी पूर्वेकडे जाणारी. टाटांनी तिला मुळशीला अडवली आणि सह्याद्री फोडून पश्चिमेला भिऱ्यात उतरवली, मुंबईच्या गिरण्यांना वीज मिळावी म्हणून. कोळशाच्या धुरापेक्षा पाण्याची वीज स्वच्छ, हे तेव्हाही सांगितलं जात होतं. त्यासाठी मावळातली पन्नासेक गावं पाण्याखाली जायची होती. 1921 च्या रामनवमीला मावळे कामाच्या जागेवर जाऊन बसले. घोषणा होती, जान किंवा जमीन. पुढारी पांडुरंग महादेव बापट, पॅरिसला रशियन क्रांतिकारकांकडून बॉम्बची कृती शिकून आलेला माणूस, इथे गांधींच्या मार्गाने मार खायला बसलेला. ‘सेनापती’ ही पदवी त्यांना याच लढ्यातली. पुढे त्यांचा धीर सुटला, धरणाच्या कामावरची गाडी अडवली, पिस्तूल चाललं, तुरुंग झाला.

हे इथवर सरळ आहे. मावळे इकडे, कंपनी तिकडे. पण पुढची पानं वाचताना तळहात घामेजतो. कंपनी विलायती नव्हती. स्वदेशीचा तो ऐन भर, आणि टाटा म्हणजे स्वदेशी उद्योगाचा मुकुटमणी. त्यांच्याविरुद्ध सत्याग्रह करायचा? शिवाय जमिनी कसणारे मावळे असले तरी बऱ्याच जमिनी नावावर होत्या त्या पुण्याच्या सावकारांच्या. मावळ्याला जमीन हवी होती, सावकाराला मोबदला. एकाच सभेत दोघं एकाच घोषणेला हात वर करत होते. शेवटी मोबदला ठरला आणि लढा संपला. 1927 मध्ये भिऱ्याचं वीजघर सुरू झालं. सातबाराच्या भाषेत बाबांनी हे एका ओळीत सांगितलं असतं: कब्जेदार एक, कसणारा दुसरा, बुडाला तिसरा.

धरण बांधावं की बांधू नये? मी पानावर हात ठेवून बसले. डोक्यावर पंखा फिरत होता. ताईला फोन लावला. ती म्हणाली, “तू कुणाला विचारतेस? पोहलीस तू, आणि उत्तरही तूच देणार?” आणि तिने कुकर झालाय म्हणून फोन ठेवला. ती पोहली नव्हती असं नाही. पण वयाने मोठी, तिला असं बोलायचा हक्क आहे.

त्या दिवाळीला मामाला सगळं सांगितलं. मावळे, सावकार, रामनवमी. मामाने पूर्ण ऐकून घेतलं, तंबाखू मळली, चिमूट तोंडात टाकली. “वाईट झालं,” म्हणाला. मग थोड्या वेळाने, “मग काय करू? पाणी परत वर चढवू?”

असलं पुस्तक वाचलं की मला ते कुणालातरी द्यावंसं वाटतं, म्हणजे पेच निदान वाटला जातो. ताईच्या मुलाला देऊन पाहिलं. हुशार पोरगा, पण त्याने पाठचं पान वाचून परत केलं. पुढच्या रविवारी तो मित्रांबरोबर कोलाडला राफ्टिंगला चालला आहे. वरून पाणी सुटतं तेव्हाच राफ्टिंग होतं, हे त्याला ठाऊक आहे, कारण वेबसाइटवर तसं लिहिलंय. मी म्हटलं, ते पाणी कुठून येतं माहीत आहे का?

“भिऱ्याहून ना? मावशी, ते किती वाजता सोडतात नक्की?”

“सकाळी,” मी म्हटलं. “नाश्ता करून जा, तिकडे लवकर काही मिळत नाही.”