तुम्ही विचारलंत म्हणून: ‘आज किती?’

ऑफिसात डबा खाताना माझा फोन वाजतो. चार वाक्यं होतात आणि ठेवण्याआधी मी विचारतो, "आज किती?" पलीकडून आकडा येतो, मग मी माझा सांगतो. शेअर बाजार का, साखर मोजता का, असं तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी विचारून झालंय. पलीकडे माझे वडील असतात. अण्णा, कराडला.

अण्णा एसटीत कंडक्टर होते. दिवसभर माणसांत, पण तिकीट आणि सुट्टे पैसे सोडून स्वतःहून बोलणं नाही. मीही त्यांच्यावरच गेलोय. २०२० च्या गुढीपाडव्याला देश बंद झाला, मी पुण्यात अडकलो, तेव्हाही आमचा फोन असा: "काय चाललंय?" "निवांत. तुझं?" "निवांत." त्या वर्षात माझा पगार निम्म्यावर आला, त्यांचा डेपोतला जिवलग दोस्त गेला. तरी दोघंही निवांत.

एप्रिल २०२१ मध्ये अण्णा पॉझिटिव्ह आले. ताप होता, श्वास ठीक होता, म्हणून डॉक्टरांनी घरीच ठेवलं. माडीवरची खोली, दारात ठेवलेलं ताट आणि बोटाला लावायचं ऑक्सिमीटर. सहा मिनिटं चालून पुन्हा मोजायचं, ९४ च्या खाली गेलं की कळवायचं. जिल्हा ओलांडायला ई-पास हवा होता, शिवाय मी स्वतः खोकत होतो. सकाळ-संध्याकाळ फोनवर आकडा विचारायचो. खरं तर तो आकडा आम्हाला सोयीचाच होता. तो सांगितला की बाकीचं बोलावं लागत नव्हतं.

सातव्या रात्री अण्णा म्हणाले, "८६."

मी ओट्याला टेकून खालीच बसलो. त्या आठवड्यात व्हॉट्सअॅपवर बेड आणि रेमडेसिविरशिवाय दुसरं काही येत नव्हतं. "घाबरू नकोस लेका," ते म्हणाले. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "घाबरलोय अण्णा. लई घाबरलोय." पुढे नुसतं रडणं.

पलीकडे बराच वेळ काहीच आवाज नाही. मग ते म्हणाले, "मी पण. रात्री कडी लावत नाही मी. काय झालंच, तर तुझ्या आईला दार फोडायला लागू नये."

मी व्हिडिओ कॉल लावला, बोट दाखवा म्हटलं. मशीन उलटं होतं. ९८ उलट्या बाजूने वाचलं की ८६ दिसतं, तुम्हीही कागदावर इंग्रजी आकड्यांत लिहून फिरवून बघा. आयुष्यभर तिकिटांचा हिशेब चोख ठेवणारा माणूस! आम्ही दोघंही हसलो, ते खोकेपर्यंत. पण कडीचं बोलून झालं होतं, ते काही परत घेता येत नव्हतं.

ते बरे झाले. मशीनमधले सेल कधीच गळले, आकडा मात्र राहिला. आता तो शंभरातून मनाचा. "आज नव्वद, गुडघा धरलाय." "आज साठ." साठ म्हटलं की मी जागेवरून उठून बाहेर जातो, हे तुम्ही पाहिलं असेल. कारण लगेच येत नाही. आधी पाऊस, मग भुईमूग, मग ते. माझा आकडा पन्नासच्या खाली गेला की ते म्हणतात, "ये दोन दिवस." उपदेश नाही, एवढंच.

आईला विचारलं तर ती म्हणते, "मला काय झालंय? शंभर." दर वेळी शंभर. परवा अण्णांनी हळूच सांगितलं, "ती पण कडी लावत नव्हती त्या वेळी, जिन्यातच झोपायची." तिने आम्हाला अजून सांगितलेलं नाही.