तुम्ही विचारलंत म्हणून: हरल्यावर पुन्हा पहिल्यापासून?

चर्चगेटच्या धिम्या गाडीत शेजारचा प्रवासी माझ्या मोबाइलमध्ये डोकावतो आणि जरा संकोचून विचारतो, "एवढे हरल्यावर पुन्हा पहिल्यापासून खेळता, कंटाळा नाही येत?" कचेरीतही हाच प्रश्न असतो आणि भाचा तर भेटेल तेव्हा विचारतो, म्हणून एकदा सविस्तर लिहितो.

खेळाचे नाव पोकेरोग. मराठी कानाला ते एखाद्या साथीच्या आजारासारखे वाटते, पण त्यातला 'रोग' हा १९८० सालच्या एका संगणकीय खेळावरून आला आहे. त्यात मेले की सारे संपत असे आणि नवा डाव मांडावा लागे. पोकेमॉनच्या चाहत्यांनी हौसेने घडवलेला हा खेळ ब्राउझरमध्ये फुकट चालतो आणि मूळ कंपन्यांशी त्याचा संबंध नाही. प्रत्येक प्राण्याची किंमत गुणांत ठरलेली असते; सुरुवातीला दहा गुणांच्या मर्यादेत आपले प्राणी निवडायचे आणि एकामागून एक २०० लढाया पार करायच्या. दर दहावी लढाई दांडग्या प्रतिस्पर्ध्याशी असते. ती जिंकली की जखमी चमू पुन्हा ताजातवाना होतो आणि प्रदेश बदलतो. सगळे प्राणी मूर्च्छित पडले की डाव संपला. लढाई पुन्हा लढण्याची सोय सेटिंगमध्ये आहे, पण ती मी बंदच ठेवली आहे. तेवढा हट्ट या वयात चालतो.

खरी गंमत मला लढाईपेक्षा दोन लढायांच्या मधल्या पडद्यावर वाटते. तिथे काही वस्तू फुकट दिसतात, त्यांतली एकच घेता येते, आणि शेजारी पैसे मोजून घ्यायची औषधे असतात. मात्र फुकटची वस्तू उचलली की दुकान तत्काळ बंद होऊन पुढची लढाई उभी राहते, त्यामुळे खरेदी आधी उरकावी लागते. हे पुरते ठाऊक असूनही मी एकदा फसलो. १९९ वी लढाई जिंकताना माझा मॅमोस्वाइन पडला होता. शेवटचा शत्रू एटर्नेटस विष आणि ड्रॅगन या दोन जातींचा असल्यामुळे त्याच्यावर बर्फ आणि जमीन यांचे वार चांगले लागू पडतात, आणि माझ्याकडे ते दोन्ही फक्त मॅमोस्वाइनकडे होते. त्याला उठवणारे रिव्हाइव्ह घेण्यापुरते पैसेही होते. तेवढ्यात दादर आले, उतरणाऱ्यांच्या रेट्यात कोपराला धक्का बसला आणि अंगठा फुकटच्या पोके बॉलवर, म्हणजे प्राणी पकडायच्या चेंडूवर, पडला. एटर्नेटस एकदा हरल्यासारखा दिसतो, मग अक्राळविक्राळ रूप घेऊन पूर्ण ताकदीनिशी परत येतो. माझा चमू त्या दुसऱ्या रूपापुढे फार टिकला नाही.

आता तुमच्या प्रश्नाचे उत्तर. त्या डावातला पैसा आणि वस्तू गेल्या, पण पकडलेले प्राणी हिशेबातून जात नाहीत. मॅमोस्वाइनचे बालरूप स्विनब मला त्याच डावात एका बर्फाळ प्रदेशात सापडले होते, आणि आता ते पुढच्या कोणत्याही डावात पहिल्या लढाईपासून घेता येते. त्याच्या नावावर साठलेल्या 'कँडी', म्हणजे खेळातल्या गोड गोळ्या, पुरेशा झाल्या की त्याची गुणांतली किंमतही उतरवता येते, म्हणजे त्याच दहा गुणांत आणखी एखादा सोबती बसू शकतो.

गाडी प्रभादेवीला थांबली तेव्हा स्विनबच्या शेजारी कोणाला बसवावे, याची जुळवाजुळव सुरू झाली होती.