माझ्यापुरता गुन्हा रद्द झाला, भावाचा राहिला

वहिनीनं अंबाजोगाईत फिर्याद दिली. आरोपींत भाऊ, आई आणि तिसरी मी. माझं सासर उदगीर, नोकरी जिल्हा परिषदेच्या शाळेत. कलम लागलं न्याय संहितेचं 85, म्हणजे विवाहितेच्या छळाचं जुनं 498-अ. अटकपूर्व जामीन मिळाला, पण जामिनानं गुन्हा अंगावरून जात नाही. तो रद्द करून घ्यायचा तर छत्रपती संभाजीनगरला, जालना रोडवरच्या हायकोर्टाच्या खंडपीठात जावं लागतं. अर्ज नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 528 खाली. पूर्वी हेच 482 होतं.

मी शाळेचा हजेरीपट घेऊन वकीलसाहेबांकडे गेले. त्यांनी तो बाजूला ठेवला. "ताई, हे खटल्यात दाखवा. हायकोर्ट इथं पुरावा तोलत बसत नाही. फिर्यादीतला शब्दन् शब्द खरा धरला, तरी तुमच्यावर गुन्हा बनतो का, एवढंच बघतं."

मला ते पचायला जड गेलं. मी खरी आहे हे सांगायला निघाले होते, आणि हे म्हणतात, ती खरी आहे असं धरून चला. पण तशी वाचली तेव्हा फिर्याद वेगळीच दिसली. भावाबद्दल तारखा होत्या, दुकानासाठी मागितलेले पैसे होते, मारहाणीनंतर दवाखान्यात गेल्याचं होतं. आईनं दागिने ठेवून घेतल्याचं होतं. माझ्याबद्दल एवढंच, की नणंद सुट्टीत येऊन कान भरायची आणि सर्वांनी मिळून छळ केला.

अर्जात दोन निकालांवर भर होता. एक 1990 चा भजनलाल खटल्यातला. गुन्हा कधी रद्द करता येतो याचे सात प्रकार सुप्रीम कोर्टानं त्यात दिलेत. दुसरा 2022 चा कहकशाँ कौसर. मोघम आरोपांवर नवऱ्याच्या नातेवाइकांना खटल्यात ओढू नये, असा. अर्ज केला म्हणून तपास मात्र थांबत नाही. सरसकट तशी स्थगिती देऊ नये, हे नीहारिका प्रकरणात 2021 मध्येच ठरलंय. त्यामुळे अर्ज प्रलंबित असतानाच चार्जशीट दाखल झालं आणि आम्हाला अर्जात दुरुस्ती करून त्यालाही आव्हान द्यावं लागलं. चार्जशीटमधले साक्षीदारांचे जबाब वाचून मला संताप आला. माणसं वेगळी, पण माझ्याबद्दलचं वाक्य सगळीकडे तेच.

आमची सुनावणी दोन न्यायमूर्तींपुढे झाली. अर्जदार क्रमांक तीनविरुद्ध नेमकं काय आहे, असं सरकारी वकिलांना विचारलं गेलं. त्यांनी पानं उलटली आणि तेच वाक्य वाचलं. भाऊ आणि आईच्या बाबतीत कोर्टानं स्पष्ट सांगितलं, आरोप नेमके आहेत, आम्ही हात घालणार नाही. अशा वेळी अर्ज फेटाळला जाऊ देण्यापेक्षा मागे घेतात. तशी मुभा घेतली. माझ्यापुरता एफआयआर आणि खटला रद्द झाला.

आईसमोर मला आनंद दाखवता आला नाही. तरी कोर्टानं रेष बरोबर जागी ओढली, असं मला वाटतं. वहिनीला जे सोसावं लागलं असेल, ते साक्षीपुराव्यानं तपासलं जायलाच हवं, समोर माझा सख्खा भाऊ असला तरी. माझं नाव घातल्यानं तिचीच फिर्याद सैल झाली होती.

निकालाची प्रमाणित प्रत मी अंबाजोगाईच्या कोर्टात आणि शाळेत दिली. भावानं आणि आईनं तिथल्या कोर्टात डिस्चार्जचा, म्हणजे खटला सुरू होण्याआधीच आरोपातून मुक्त करण्याचा अर्ज केलाय, त्यावर अजून सुनावणी व्हायची आहे.