तुम्ही विचारलंत म्हणून: कांतिंफ्लास आपल्याला माहीत का नाही?

मी स्पॅनिश शिकवतो. दर वर्षी वर्गात कधी ना कधी कांतिंफ्लास या मेक्सिकन विनोदी नटाचा विषय निघतो आणि कुणीतरी विचारतंच, ‘सर, एवढा मोठा नट होता तर आम्ही नावसुद्धा कसं ऐकलं नाही? चॅप्लिन तर माझ्या आजीलाही माहीत होता.’

चॅप्लिन मूकपटात पडायचा, आणि पडलेला माणूस कुठेही कळतो. कांतिंफ्लास बोलायचा. तेही असं, की ऐकणारा स्पॅनिशच असला तरी शेवटी हातात काही लागू नये.

खरं नाव मारिओ मोरेनो रेयेस. जन्म मेक्सिको सिटीतला, 12 ऑगस्ट 1911 चा. वडील टपाल खात्यात, घरात पोरांचं लेंढार, वाढला तेपितोच्या गरीब वस्तीत. बॉक्सिंग करून पाहिलं, जमलं नाही. मग ‘कार्पा’त शिरला. कार्पा म्हणजे तंबूतला स्वस्त खेळ, आपल्या कनातीतल्या तमाशाचा लांबचा चुलतभाऊ. तिथे एका रात्री म्हणे हा घाबरला, शब्द विसरला आणि तोंडाला येईल ते बरळत सुटला. लोक हसून लोळले. अशा गोष्टी नट मोठा झाल्यावर तयार होतात, पण ही मला आवडते. त्याची बायको व्हालेंतिना त्याला कार्पाच्या याच दुनियेत भेटली.

सोंग ठरलेलं: कमरेखाली घसरलेली विजार, ती धरून ठेवायला दोरी, मिशी फक्त ओठांच्या दोन कोपऱ्यांवर, आणि खांद्यावर एक चिंधी. त्या चिंधीला तो ऐटीत ‘गबार्दीना’ म्हणायचा, म्हणजे ओव्हरकोट! शहरातला असा फाटका, बेरकी माणूस म्हणजे ‘पेलादो’. साहेबलोकांशी बोलायची वेळ आली की हा पेलादो त्यांचेच जड शब्द उचलतो आणि वाक्य सुरू करतो, ते कधी संपतच नाही. मराठीत साधारण असं: ‘साहेब, मी काही म्हणत नाही, पण म्हणायचंच झालं तर, आणि तुम्ही म्हणालात म्हणून म्हणतो, की जे झालं ते झालं नसतं, तर जे व्हायचं ते झालंच असतं की नाही?’

पुढारीही असंच बोलतात, हे मेक्सिकन लोकांनी लगेच ओळखलं. 1937 मध्ये लुईस मोरोनेस आणि लोंबार्दो तोलेदानो या दोन कामगार पुढाऱ्यांची जुंपली, तेव्हा तोलेदानोने सुनावलं की मोरोनेसला वादच घालायचा असेल तर त्याने कांतिंफ्लासशी घालावा. पुढे त्याच्या नावाचं क्रियापदच झालं: ‘कांतिंफ्लेआर’, भरपूर बोलून काहीच न सांगणे. 1992 मध्ये ते स्पॅनिश अकादमीच्या शब्दकोशातही गेलं.

हॉलिवूडमध्येही तो गेला. ऐंशी दिवसांत पृथ्वीप्रदक्षिणेवरच्या 1956 च्या सिनेमात त्याने नोकर पासपार्तू केला आणि गोल्डन ग्लोब मिळवलं. (मूळ कादंबरीतला हा पासपार्तू आपल्या मलबार हिलवरच्या देवळात बूट घालून शिरतो आणि मार खातो!) सिनेमात त्याच्यासाठी मूळ कादंबरीत नसलेली बैलाशी झुंज घातली, कारण जिभेची कसरत इंग्रजीत चालणार नव्हती. 1960 चा ‘पेपे’ मात्र पार आपटला.

नंतरच्या रंगीत सिनेमांत तो पाद्री होतो, राजदूत होतो, मास्तर होतो आणि उपदेश करतो. मला ते सोसत नाहीत. 1993 मध्ये तो फुप्फुसाच्या कर्करोगाने गेला, पण माझ्यासाठी तो 1940 च्या ‘आइ एस्ता एल देताये’ मध्येच आहे. नावाचा अर्थ ‘तिथेच तर खरी मेख आहे’. त्यात त्याने पिसाळलेला कुत्रा मारलाय, आणि त्या कुत्र्याच्याच नावाच्या माणसाच्या खुनाचा खटला त्याच्यावर चाललाय. तो प्रामाणिकपणे कबुली देत राहतो. शेवटी न्यायाधीश आणि वकीलही त्याच्यासारखेच बरळू लागतात.

हाच प्रसंग मी एकदा वर्गाला मराठीत करायला दिला. एका मुलीने दोन पानं लिहून आणली. वाचल्यावर सगळे हसले, पण मागच्या बाकावरून आवाज आला, ‘हे काही तो म्हणाला नव्हता.’

‘मग काय म्हणाला होता?’ तिने विचारलं.

आम्ही क्लिप तीनदा लावली. अजून कुणाला सांगता आलेलं नाही.