पुसलेले खेळ आणि दुसऱ्याच्या नावावरचे अकाउंट

पुण्यात तपकीर गल्लीच्या परिसरात मी गेमिंग कन्सोल दुरुस्त करतो. माझ्याकडे येणारे बहुतेक बिघाड डोळ्यांना दिसणारे असतात: वाकलेला एचडीएमआय पोर्ट, धुळीने गच्च झालेला पंखा, बोट न लावताही एका बाजूला सरकणारी कंट्रोलरची स्टिक. येथे ज्या कामाविषयी लिहीत आहे, त्यात मात्र यंत्रांना काहीही झालेले नव्हते. चिंचवडमध्ये गेम पार्लर चालवणाऱ्या एका गृहस्थांचा सकाळीच फोन आला. त्यांच्याकडे सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलपैकी तीन पीएस फोर आणि एक पीएस फाइव्ह होते, रविवारी फुटबॉलच्या खेळाची स्पर्धा ठेवलेली होती, प्रवेशशुल्क घेऊन झाले होते आणि कन्सोलवरून खेळ नाहीसे झाले होते. "दादा, जुन्या पोराने जाता जाता सगळं उडवलंय. पोलिसात जाऊ का?" असे त्यांनी विचारले. मी येईपर्यंत पोलिसांतही जाऊ नका आणि कंट्रोलरलाही हात लावू नका, असे मी त्यांना सांगितले.

कंट्रोलरला हात लावू नका, असे सांगण्याला कारण होते. घाबरलेला माणूस कन्सोलवरच्या ऑनलाइन स्टोअरमध्ये जाऊन खेळाचे नाव शोधतो आणि तो पुन्हा विकत घेतो, किंवा कोणीतरी सांगितले म्हणून कन्सोल 'इनिशियलाइज', म्हणजे पूर्ण कोरा, करून टाकतो. पहिल्या प्रकारात पैसे जातात. दुसऱ्या प्रकारात जे वाचलेले असते तेही जाते. या गृहस्थांनी स्टोअरमध्ये शोध घेतलेलाच होता आणि तिथे स्पर्धेचा फुटबॉलचा खेळ, 'फिफा २३', दिसत नाही, हे पाहून त्यांचा धीर सुटला होता. नोकरी सोडून गेलेल्या मुलाने खेळ कंपनीकडूनच रद्द करवला असावा, अशी त्यांची समजूत झाली होती.

वस्तुस्थिती अगदी साधी होती. खेळ बनवणारी कंपनी ईए आणि फुटबॉलची जागतिक संघटना फिफा यांचा करार संपल्यावर सप्टेंबर २०२३ मध्ये हा खेळ 'ईए स्पोर्ट्स एफसी २४' या नव्या नावाने बाजारात आला आणि त्याच सुमारास आधीचे फिफा खेळ डिजिटल दुकानांतून काढून घेण्यात आले. दुकानातून काढलेला खेळ नव्याने विकत घेता येत नाही, पण ज्या अकाउंटवर तो आधी घेतलेला आहे, त्याला तो पुन्हा उतरवून घेता येतो. त्यासाठी स्टोअरमध्ये जायचेच नसते. पीएस फोरवर मुख्य पडद्याच्या अगदी उजव्या टोकाला 'लायब्ररी' असते आणि तिच्यात 'पर्चेस्ड' नावाचा भाग असतो. पीएस फाइव्हवर 'गेम लायब्ररी'त 'युवर कलेक्शन' असते आणि त्याच्या शेजारचे 'इन्स्टॉल्ड' फक्त यंत्रावर सध्या असलेलेच खेळ दाखवते. लोक 'इन्स्टॉल्ड' पाहतात आणि खेळ गेला म्हणून मोकळे होतात. याला अपवाद नाहीत असे नाही. 'पी. टी.' हा भयखेळाचा विनामूल्य नमुना ऑगस्ट २०१४ मध्ये आला, एप्रिल २०१५ मध्ये स्टोअरमधून काढला गेला आणि त्यानंतर ज्यांनी तो आधी घेतला होता त्यांनाही पुन्हा उतरवता येईना. म्हणून दुकानातून उठलेला खेळ कन्सोलवरून पुसताना मी ग्राहकाला दोनदा विचारतो. फिफाच्या बाबतीत तशी वेळ आलेली नव्हती.

पार्लरमध्ये पोहोचल्यावर मी सगळ्यात आधी कोणत्या कन्सोलवर कोणकोणते युजर आहेत, हे पाहिले. खेळ 'आहे' म्हणजे चार निरनिराळ्या गोष्टी आहेत, असे मी ग्राहकांना नेहमी सांगतो. हार्ड डिस्कवरच्या फाइली ही एक गोष्ट झाली. तो खेळायचा परवाना ही दुसरी. तो परवाना ज्याच्या नावावर आहे ते अकाउंट ही तिसरी. आणि खेळणाऱ्याने जिथपर्यंत मजल मारली त्याचा सेव्ह ही चौथी. लोक हळहळतात पहिल्या गोष्टीसाठी, कारण ती चाळीस-पन्नास जीबीची असते आणि पुन्हा उतरवायला वेळ लागतो. वास्तविक तीच एक गोष्ट हमखास परत मिळते. सेव्ह काही एमबींचाच असतो, पण तो एकदा गेला आणि क्लाउडवर किंवा पेन ड्राइव्हवर त्याची प्रत नसली, तर तो परत आणण्याचा मार्ग माझ्याकडे नाही.

पहिल्या पीएस फोरचे कोडे दोन मिनिटांत सुटले. त्याचे खेळ बाहेरून जोडलेल्या यूएसबी हार्ड डिस्कवर होते आणि साफसफाई करताना कोणीतरी तिची वायर काढून ठेवली होती. मार्च २०१७ च्या ४.५० अपडेटपासून पीएस फोरला अशी बाहेरची डिस्क साठवणीसाठी वापरता येते, मात्र सेव्ह आतल्याच डिस्कवर राहतात. वायर पुन्हा लावल्यावर बहुतेक खेळ दिसू लागले. दोन खेळ तरीही दिसेनात, म्हणून कन्सोल पूर्ण बंद करून, दुसरी बीप ऐकू येईपर्यंत पॉवरचे बटण दाबून धरून, मी तो सेफ मोडमध्ये, म्हणजे दुरुस्तीसाठीच्या मर्यादित अवस्थेत, सुरू केला आणि पाचवा पर्याय, म्हणजे 'रीबिल्ड डेटाबेस', निवडला. या पर्यायाने डिस्कवरचे काही पुसले जात नाही. कन्सोल स्वतःची यादी नव्याने तयार करतो. त्याच्या लगेच खाली 'इनिशियलाइज'चे पर्याय असतात, ही मांडणी करणाऱ्याला दुरुस्तीच्या दुकानात एक दिवस बसवले पाहिजे, असे मला अनेकदा वाटते.

दुसऱ्या कन्सोलवरून मात्र खेळ खरोखरच पुसले गेले होते आणि खरे प्रकरण तिथेच उलगडले. मी 'नोटिफिकेशन्स'मधल्या डाउनलोडच्या नोंदी उघडल्या. जुना मुलगा नोकरी सोडून गेल्यानंतर पंधरा-वीस दिवसांनी तिथे 'वॉरझोन' उतरवल्याची नोंद होती. हा खेळ विनामूल्य असला, तरी डिस्कवर शंभर जीबीहून अधिक जागा अडवतो. पाचशे जीबीच्या पीएस फोरवर प्रत्यक्ष वापरायला चारशेच्या आसपासच जागा उरते; त्यातच मोठे अपडेट बसवताना कन्सोल जुनी फाइल ठेवून शेजारी नवी तयार करत असल्यामुळे, अपडेटच्या आकारापेक्षा बरीच जास्त मोकळी जागा मागतो. जागा अपुरी असल्याचा संदेश आल्यावर कोणीतरी 'फिफा' आणि आणखी काही खेळ पुसून जागा केली होती, हे स्पष्ट दिसत होते. काउंटरवर बसलेल्या नव्या मुलाकडे मी मुद्दाम पाहिले नाही, मालकांना फक्त तारीख वाचून दाखवली. थोड्या वेळाने तो मुलगा स्वतःच म्हणाला, "शेठ, गिऱ्हाईक मागत होतं म्हणून मी केलं. परत येतो ना तो गेम?"

परत येतो, पण तो ज्या अकाउंटवर घेतलेला आहे त्यात शिरता आले तर. तेच नव्या मुलाने यादी नीटनेटकी दिसावी म्हणून त्या कन्सोलवरून काढून टाकले होते. पीएस फोरवरून युजर काढून टाकला की त्या युजरचे सेव्हही जातात. कन्सोल तशी सूचना देतो, पण ती कोण वाचतो? अकाउंट स्वतः सर्व्हरवर शाबूत होते. अडचण अशी होती की ते जुन्या मुलाने आपल्या ईमेलवर उघडलेले होते, पासवर्ड त्याच्या डोक्यात होता आणि लॉग-इनचा कोड त्याच्याच मोबाइलवर जाणार होता. पैसे मालकांचे, कन्सोल मालकांचे, पण कागदोपत्री सगळी खरेदी त्या मुलाच्या नावावर. ज्याच्यावर सकाळपासून चोरीचा आळ घेतला जात होता, त्याच्याकडेच आता मदत मागायची होती.

मालक फोन करायला तयार होईनात, म्हणून तो मीच केला. मुलगा चाकणच्या एका कारखान्यात लागला होता आणि चहाच्या सुट्टीत त्याने उलटा फोन केला. त्याने काहीही आढेवेढे घेतले नाहीत. उलट, अजून ते अकाउंट माझ्याच नावावर आहे का, असे आश्चर्याने विचारले. त्याने पासवर्ड सांगितला, आलेला कोड वाचून दाखवला आणि मी त्याच्यासमोर, म्हणजे फोन चालू ठेवूनच, लॉग-इनचा ईमेल बदलून मालकांचा टाकला, मालकांच्या मेलवर आलेल्या दुव्याने त्याची खातरजमा केली आणि कोडसाठीचा मोबाइल नंबरही बदलला. पुढे कधी पासवर्ड विसरला तर जन्मतारीख विचारली जाते आणि ती सहजासहजी बदलता येत नाही, म्हणून मालकांनी त्याची जन्मतारीख उधारीच्या वहीच्या पहिल्या पानावर लिहून घेतली. फोन ठेवण्याआधी मालक त्याच्याशी बोलले. काय बोलले ते मी ऐकले नाही. त्या वेळी मी राउटरपासून कन्सोलपर्यंत लॅन केबल टाकत होतो.

केबल टाकण्याला पर्याय नव्हता. सुरुवातीच्या पीएस फोरचे वायफाय फक्त २.४ गीगाहर्ट्झवर चालते आणि चिंचवडसारख्या दाट वस्तीत तो पट्टा शेजारपाजारच्या राउटरांनी भरलेला असतो. १०० एमबीपीएसची लाइन पूर्ण वेगाने चालली तरी तासाला जास्तीत जास्त पंचेचाळीस जीबी येतात आणि इथे दोन कन्सोलना तोच खेळ वेगवेगळा उतरवायचा होता. त्यातून तो गुरुवार होता आणि आमच्याकडे गुरुवार म्हणजे देखभालीसाठी वीज जाण्याचा वार. वीज गेलीच. अर्धवट राहिलेले डाउनलोड पुढे सुरू होते, पण मालकांना ते पटेना. पडद्यावरचा टक्का तिथूनच पुढे सरकताना दिसल्यावरच ते जागचे उठले. ज्या खेळांच्या डिस्क कपाटात होत्या, त्यांची चिंता नव्हती. डिस्क घातली की खेळ पुन्हा बसतो, फक्त मागाहून आलेली अपडेट उतरवावी लागतात.

खेळ उतरवून झाल्यावरही काहींवर कुलपाचे चिन्ह राहिले. एका अकाउंटला एकच पीएस फोर 'प्रायमरी' म्हणून जोडता येतो. त्या कन्सोलवर कोणताही युजर तो खेळ खेळू शकतो. इतर कोणत्याही कन्सोलवर मात्र खरेदी करणाऱ्या अकाउंटनेच लॉग-इन करावे लागते. खेळ पुसले गेलेला तो दुसरा पीएस फोर मी 'प्रायमरी' केला आणि परवाने पुन्हा मिळवून देणारे 'रिस्टोअर लायसन्सेस' चालवल्यावर फिफाचे कुलूप निघाले. जे खेळ प्लेस्टेशन प्लसच्या वर्गणीत दरमहा मिळालेले होते, ते वर्गणी संपल्यामुळे बंदच राहिले. ती भरली की उघडतील. आणखी दोन खेळ कोणत्या तरी विक्रेत्याकडून पाचशे-सातशे रुपयांना घेतलेले होते. हा आपल्याकडचा जुना धंदा आहे: विक्रेता स्वतःच्या अकाउंटचा पासवर्ड देतो, आपण खेळ उतरवून घेतो, आणि काही महिन्यांनी तो पासवर्ड बदलून तेच अकाउंट तिसऱ्याला विकतो. डिस्कवर खेळ होता तोवर हे कोणाच्या लक्षात आले नव्हते. त्या दोन खेळांची आशा सोडा, असे मी मालकांना सांगितले. परवाने घरगुती वापरासाठी असतात, पार्लरसाठी नव्हे, हेही मी सांगितले. तो विषय त्यांनी हसून बाजूला सारला.

पीएस फाइव्हकडे मी शेवटी वळलो. तिथे कोणताही खेळ गेलेला नव्हता, पण नेहमी येणाऱ्या एका कॉलेजच्या मुलाचा 'जीटीए फाइव्ह'चा कथाभाग सुरुवातीपासून दिसत होता आणि त्याने सकाळपासून मालकांना भंडावून सोडले होते. पार्लरमध्ये हा खेळ आधी पीएस फोरच्या डिस्कवरून चालत असे. नंतर सवलतीत पीएस फाइव्हची आवृत्ती घेतली गेली आणि नव्या मुलाने जुनी पुसली. या दोन आवृत्त्या कन्सोलच्या लेखी वेगळ्या आहेत आणि एकीचा सेव्ह दुसरीला आपोआप दिसत नाही. सेटिंग्जमध्ये 'सेव्ह्ड डेटा' उघडल्यावर पीएस फाइव्ह आणि पीएस फोर असे दोन स्वतंत्र विभाग असतात. दुसऱ्या विभागात त्याचा सेव्ह जसाच्या तसा होता. कपाटातून जुनी डिस्क शोधून काढायला मात्र वेळ लागला, कारण तीच डिस्क हवी होती. आपल्याकडे सहसा युरोपसाठीच्या डिस्क येतात आणि त्यांवर केलेला सेव्ह अमेरिकी डिस्क ओळखत नाही. डिस्क एका क्रिकेटच्या खेळाच्या डबीत सापडली. ती बसवल्यावर मुलाने 'लोड गेम' दाबले आणि नंतर त्याने माझ्याकडे ढुंकूनही पाहिले नाही.

दुसऱ्या पीएस फोरवरचे सेव्ह युजरसोबत गेलेलेच होते. त्यात एका बँकेत नोकरी करणाऱ्या गिऱ्हाईकाचा फिफाचा करिअर मोड, म्हणजे एकट्याने मोसमामागून मोसम खेळायचा भाग, होता, कित्येक मोसम खेळलेला. फिफातली ऑनलाइन खेळायची 'अल्टिमेट टीम' कंपनीच्या सर्व्हरवर असते, करिअर मोड कन्सोलच्या डिस्कवर, आणि क्लाउडची वर्गणी संपलेली होती. डेटा रिकव्हरीवाल्याकडे नेऊन पाहू का, असे मालकांनी विचारले. पण पीएस फोरची डिस्क त्या कन्सोलच्याच किल्लीने कूटबद्ध असते, त्यामुळे ती बाहेर काढून संगणकाला लावण्यात अर्थ नव्हता. त्या गृहस्थांना खरे काय ते सांगा आणि महिनाभर फुकट खेळू द्या, एवढेच मी सुचवले. राहिलेले सेव्ह मी एका पेन ड्राइव्हवर घेतले. पीएस फाइव्हच्या खेळांचे सेव्ह पेन ड्राइव्हवर घेता येत नाहीत, म्हणून त्यासाठी क्लाउडची वर्गणी पुन्हा भरायला लावली.

बिलाच्या वेळी थोडी घासाघीस झाली. एकही पार्ट बदलला नाही, स्क्रू ड्रायव्हर पिशवीतून बाहेरही काढला नाही, मग पैसे कशाचे, असा मालकांचा प्रश्न होता. नवा मुलगाच मध्ये पडून म्हणाला की माझ्या पगारातून कापा. मालकांनी त्याच्याकडे एकदा पाहिले, गल्ल्यातून पैसे काढून माझ्या हातावर ठेवले आणि रविवारी स्पर्धेच्या वेळी काही अडले तर फोन उचला, असे मला बजावले. रविवारी फोन आला तो एका कंट्रोलरचा डावा स्टिक सरकतो आहे म्हणून.