नादशिळांच्या खिंडीत

खालच्या खोऱ्यातून वर चढणारी वाट जिथे खिंडीकडे वळते, तिथेच पहिला कर्णा दिसतो. लांबून तो डोंगराला पडलेले भगदाड वाटतो; जवळ गेल्यावर कळते की ते कातळ पोखरून घडवलेले, नऊ पुरुष उंचीचे तोंड आहे आणि त्याच्या आतल्या भिंती इतक्या घासलेल्या आहेत की हात फिरवला तरी छिन्नीची एकही खूण लागत नाही. ज्या युद्धाच्या कहाण्या ऐकत मी या जगात इतका आत आलो, ते युद्ध अशाच तोंडांतून लढले गेले. इथे लोखंड नाही आणि दारूगोळाही नाही. आहे ती नादशिळा, म्हणजे नेमका सूर लागला की तो साठवून कितीतरी पटींनी परत फेकणारा निळसर काळा दगड. माथ्यावरच्या लोकांच्या ताब्यात त्याच्या मोठ्या खाणी होत्या, खोऱ्यातल्यांकडे लहान खाणी आणि भरपूर पाणी. भांडण पाण्यावरून पेटले, एवढे सांगून मी पुढे जातो, कारण आधी आगळीक कोणी केली याविषयी दोन्हीकडचे वाटाडे परस्परविरुद्ध हकिकती सांगतात.

मला खरी ओढ होती ती ही शस्त्रे चालत कशी, हे पाहण्याची. कर्ण्याच्या बुडाशी एक माणूस जेमतेम मावेल अशी खोली आहे. तिथे बसून सूर लावणारा समोरच्या खोबणीतल्या शिळेला आपल्या आवाजाने जागे करत असे, आणि शिळेने पकड घेतली की स्वर अर्ध्या सुराने वर किंवा खाली सरकवून तिला आवरत असे. खोलीच्या भिंतींत मातीची मडकी बसवलेली आहेत, तोंडे आतल्या बाजूला उघडी आणि आकार लहानमोठे. मी एकात बोलून पाहिले. एका ठरावीक खर्जाला ते अंगभर थरथरले आणि इतर सुरांना गप्प राहिले. प्रत्येक मडके आपापल्या आकाराचा सूर तेवढा गिळते, म्हणून ज्या सुरांची भीती जास्त, त्या मापाची मडकी जास्त. जिवावर बेतल्याशिवाय माणसे इतक्या बारकाईने माती घडवत नाहीत.

मडकी लागत, कारण ध्वनी बाणासारखा एका रेषेत जात नाही. २० हर्ट्झच्या खर्जाची एक लाट हवेत सुमारे १७ मीटर लांब असते, आणि ती एका दिशेला रोखून सोडायची तर कर्ण्याचे तोंड तिच्याहून बरेच मोठे हवे. एवढे तोंड कातळात कोणालाच खोदता आले नाही. त्यामुळे तो खर्ज शत्रूच्या दिशेने जाई, तसाच बाजूंना पसरे आणि वळसा घालून मागेही येई. ३००० हर्ट्झच्या चिरक्या सुराची लाट जेमतेम ११ सेंटीमीटरची. तिला नेम धरून सोडता येते, पण हवा तिला वाटेत लवकर शोषून घेते आणि मध्ये एखादी टेकडी आली की ती तिथेच अडते. शिवाय उघड्यावर अंतर दुप्पट झाले की ध्वनीची तीव्रता चौथाईवर येते. पलीकडच्या माणसाच्या कानठळ्या बसवायच्या, तर अलीकडच्या माणसाच्या कानाचा पडदा आधी फाटणार, हा हिशेब पहिल्या दिवसापासून तसाच होता.

हवामानाने या लढाईत जेवढे पारडे फिरवले, तेवढे कोणत्याही सेनापतीने फिरवले नसावे. भर दुपारी जमीन तापते, तिच्या लगतच्या उष्ण हवेत ध्वनी अधिक वेगाने धावतो आणि लाटा आकाशाकडे वळतात. त्या वेळी कर्णा कितीही गरजला तरी दूरच्या गावात नुसती कुजबुज पोहोचते. पहाटे हे उलटते. थंड हवा खोऱ्यात साचते, लाटा खाली वाकतात आणि मैलोगणती जमिनीलगत सरकत जातात. म्हणून सगळे हल्ले पहाटेचे. खोऱ्यातली जुनी घरे पाहिली तर दारे खिंडीकडे पाठ करून आहेत, भिंती दुहेरी आहेत आणि मधल्या फटीत लोकर ठासलेली आहे. तिथल्या वृद्ध यजमानीण बाई मला जेवायला बोलावतानाही हातांनीच बोलावत. ऐकू न येणाऱ्यांची संख्या इतकी वाढली होती की साऱ्या गावाने हातांची भाषा उचलली, आणि ती आजही लहान मुलांच्या भांडणांतसुद्धा सफाईने चालते.

माथ्याच्या बाजूचा शेवटचा कर्णा चढणीच्या टोकाला आहे. युद्धाच्या अखेरच्या वर्षांत तो खोदला गेला, असे वाटाड्याने सांगितले. तिथली बैठक माझ्या गुडघ्याच्याही खाली होती. मी कारण विचारले, तेव्हा त्याने खोलीच्या दाराची उंची दाखवली, तीही तशीच. शिळा जागी करायला अचूक कान लागतो आणि प्रत्येक लढाई तो कानच खाऊन टाकत होती. मोठी माणसे एकामागून एक बहिरी झाल्यावर मुलांना बसवण्यात आले. उंच सूर मुलांना मोठ्यांपेक्षा चांगले ऐकू येतात, त्यामुळे नेमक्या चिरक्या शिळांसाठी ती अधिक उपयोगी ठरली. युद्ध थांबले ते तहाने नव्हे, तर सूर लावणारे कोणी उरले नाही म्हणून.

खिंडीतल्या फलकावर कर्ण्यांची उंची, शिळांचे वजन आणि आवाज किती दूर जाई याची माहिती आहे. बैठकीबद्दल एक अक्षर नाही. ते लिहिलेच पाहिजे असे मी वाटाड्याला म्हणालो, आणि पुढे चौकीवरच्या अधिकाऱ्यालाही सांगितले. येणाऱ्यांसाठी एखादी लहान शिळा वाजवून दाखवण्याचा बेत चालला आहे, असे त्याने मला उत्साहाने सांगितले. माझे मत त्याच्या विरुद्ध आहे आणि ते मी तिथल्या नोंदवहीत सविस्तर लिहून आलो. दुसऱ्या दिवशी खोऱ्याच्या बाजूचे कर्णे पाहायला गेलो. ते लहान आहेत, ओबडधोबड आहेत, तिथे मडकीही कमी आहेत; बैठका मात्र तितक्याच ठेंगण्या आहेत.