व्हय महाराजा म्हटलं की पाय सुटतात

घुमवली नकाशावर शोधत बसू नका, ती माझ्या डोक्यातली आहे. तिथवरचा रस्ता मात्र खरा आहे, म्हणून सांगतो. कोकण रेल्वेने कणकवलीला उतरायचं, देवगड गाठायचं, तिथून विजयदुर्गाची एसटी धरायची आणि वाघोटणची खाडी दिसायच्या आधीच सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर उतरायचं. जांभ्याचा काळा कातळ, करवंदीच्या जाळ्या, लांबवर कलमांच्या बागा. इथवर सगळं ओळखीचं. पुढची उतरण माझी.

पहिल्यांदा कळतं ते खांद्यांना. सड्यावर वारा गवतातून बारीक शीळ घालत असतो आणि पाठीवरची सॅक हलकी लागते. उतरणीला लागलात की समुद्राची गाज वाढते आणि पावलागणिक पाय जड होतात. पुळणीवर पोचेपर्यंत गुडघे बोलायला लागतात. घुमवलीचा कायदा एवढाच: बारीक सूर वजन काढतो, खर्ज वजन घालतो. म्हणून किनाऱ्यावरचे माड खुजे आणि आडवे वाढलेले, सड्याकडचे उंचच उंच. आंबे काढायला झेला, म्हणजे जाळी लावलेली काठी, लागत नाही. गडी झाडाखाली उभा राहून शीळ घालतो, फळ देठापासून सुटतं आणि रमतगमत खाली येतं. फणसाला मात्र दोन गडी लागतात, एकाचा दम पुरत नाही. (जवळच्या विजयदुर्गाचं नाव १८ ऑगस्ट १८६८च्या खग्रास ग्रहणाशी आणि हेलियमच्या शोधाशी जोडलं जातं. हेलियम ओढला की आवाज चिरका होतो. घुमवलीत त्या वायूवर बंदी का आहे, हे वेगळं सांगायला नको.)

जमिनीची गोष्ट जरा गुंतागुंतीची आहे. आवाज असेल तिथे डोंगर उभा राहतो असं मला वाटलं होतं, निघालं उलटंच. क्लाड्नी नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १७८७मध्ये एक प्रयोग छापला: धातूच्या पत्र्यावर वाळू पसरायची आणि कडेवरून व्हायोलिनचा गज ओढायचा. पत्रा थरथरतो तिथली वाळू पळते आणि जिथे तो स्थिर राहतो त्या रेषांवर जाऊन साठते. घुमवलीत हेच गावभर चालतं. घरं, पायवाटा, देऊळ, सगळं या गप्प रेषांवर. पुळणीवरचे इवलेसे खेकडे वाळूच्या गोळ्या करून टाकतात, त्यासुद्धा इथे नक्षीत पडतात. लाट फुटली की नक्षी बदलते आणि खेकडे बिचारे पुन्हा कामाला लागतात.

आपल्याकडेही याची चुणूक मिळते. गोव्यात नेत्रावळीला गोपीनाथाच्या देवळाजवळच्या तळीत तळातून बुडबुडे येत असतात, आणि टाळी वाजवली की जास्त येतात असं लोक सांगतात. प्रयोगशाळेत सेकंदाला ४०,००० कंपनांचा, म्हणजे माणसाला ऐकूच न येणारा, आवाज सोडून थर्माकोलचे मणी आणि पाण्याचे थेंब अधांतरी धरतात. घुमवलीत मण्यांच्या जागी चिरे असतात एवढंच.

पण खरी मजा संध्याकाळी देवळात. मानकरी गाऱ्हाणं घालायला उभे राहिले. ‘बा देवा म्हाराजा’ म्हणून सुरुवात झाली आणि शेजारच्या बाईंनी मला खुणेनेच खांब धरायला सांगितलं. पहिलं वाक्य संपलं, सभामंडपातून ‘व्हय म्हाराजा!’ उठलं. ‘व्हय’ खर्जात, त्याला सगळ्यांचे गुडघे किंचित वाकले. ‘जाऽऽ’ वर चढला आणि अख्खा गाव चार बोटं अधांतरी. मी ज्योतीकडे बघत होतो. समईची ज्योत उभी असते ती गरम हवा हलकी होऊन वर जाते म्हणून. वजनच उरलं नाही तर ती कशाला वर जाईल? अंतराळयानात केलेल्या प्रयोगांत ज्योत गोल दिसते, तशी त्या ‘जाऽऽ’पुरती समईची पाचही टोकं निळसर, बोराएवढी गोल झाली. सूर ओसरला, पाय फरशीला लागले, ज्योती पुन्हा उभ्या. गुरवाने तेल घातलं. त्याला यात काहीच नवल नव्हतं.

नंतर डबलबारी होती, म्हणजे भजनांचा सामना. दोन बुवा समोरासमोर, मधे मातीचं अंगण. एकाने पेटीच्या काळी चारचा षड्ज लावला, दुसऱ्याने तोच धरला आणि मधल्या मातीत वरंबे उठले. मी मोजले: एकापासून दुसरा पावणेतीन फुटांवर. हिशोब बसतो. त्या सुराची सेकंदाला साधारण २०८ कंपनं, हवेत आवाजाचा वेग सेकंदाला ३४३ मीटर, लाटेची लांबी १.६५ मीटर आणि गप्प जागा तिच्या निम्म्यावर. पखवाजवाल्याने धुमाळी धरली आणि वरंबे मोडून खड्डे पडले. हार-जीत ठरवायला परीक्षक लागत नाहीत, सकाळी अंगण बघितलं की कळतं.

एवढं असून भाऊबंदकी सुटलेली नाही, हे मला अस्सल कोकणी वाटलं. दुसऱ्या दिवशी एका आजोबांना वाट विचारायला मी हाक मारली तर ते तोंडावर बोट ठेवून धावत आले.

“झिला, बारीक बोल. कालच बांधाची मेर घातलंय, सरकात ती.”

पडवीत बसवून पाणी दिलं आणि मग सगळंच सांगितलं. पुतण्याने स्पीकर आणलाय. रात्री लावतो, विचारलं तर म्हणतो भजन आहे. भजनाला एवढा खर्ज कशाला? सकाळी बघावं तर आजोबांचे दोन कवाथे, म्हणजे कोवळे माड, पलीकडे गेलेले. मोजणीवाले येऊन गेले. मोजणीपुरती दोन्ही पक्षांना तोंडात सुपारी धरायला लावली होती, तरी पुतण्या नाकातून गुणगुणत होता.

“मगे आता काय करतलास?” मी माझ्या मोडक्या मालवणीत विचारलं.

“करूचा काय? नातवाक सनई शिकूक लावलंय.”